खिडकीतला राउटर आणि चार वाजताची मुलाखत

मित्रांनो, खिडकीच्या कट्ट्यावर बसलेला, पोटात सिमकार्ड बाळगणारा एक जुना राउटर म्हणजे मी. हवेतला मोबाइलचा सिग्नल पकडायचा आणि घरभर वाटायचा, हे माझं काम. कारखान्यातून नवाकोरा आलो तेव्हा माझं कोण कौतुक झालं! मग मी धापा टाकू लागलो आणि बोलणी खाऊ लागलो. कंपनीनेही मला नवं काही शिकवणं सोडून दिलं.

घरातली सून इमारतींचे नकाशे काढायची. सहा वर्षं घरी बसल्यावर तिला पुन्हा नोकरीची संधी आली होती. मुलाखत त्याच दिवशी दुपारी चारला, कॉम्प्युटरवर, म्हणजे माझ्याच भरवशावर. तिचे सासरे घड्याळजी. ते म्हणाले, "टाकून कशाला द्यायचा? याचं फर्मवेअर बदलू." फर्मवेअर म्हणजे माझं डोकं चालवणारा आतला प्रोग्राम. काही हौशी मंडळींनी माझ्यासारख्यांसाठी तो नव्याने लिहिला होता. सासऱ्यांनी माझा मॉडेल नंबर भिंगातून तीनदा वाचला, मगच फाइल चढवली आणि ते आंघोळीला गेले.

तेवढ्यात सासूबाई फडकं घेऊन आल्या. रोज अकराला बटण बंद करून मला पुसायचं, हा त्यांचा नेम. त्यांनी बटण बंद केलं आणि माझं शिकणं अर्ध्यावरच तुटलं. पुसून पुन्हा लावलं, तर एकही दिवा लागेना. सासरे आंघोळ उरकून घाईने बाहेर आले.

"अहो, लाल दिवा लुकलुकत होता. मला वाटलं, तापलाय!" सासूबाई रडकुंडीला आल्या. "पोरीची नोकरी घालवली मी."

"असू दे आई, तुम्हाला काय माहीत!" सून म्हणाली, पण तिचा चेहरा उतरला होता. मला फार वाईट वाटलं.

सासऱ्यांनी घड्याळं दुरुस्त करायची बारीक सळई माझ्या रीसेटच्या भोकात दाबून धरली आणि बटण लावलं. एक दिवा मिणमिणला.

"जीव आहे गं अजून!"

त्यांनी मला वायरने कॉम्प्युटरला जोडून फाइल पुन्हा चढवली. या वेळी सासूबाई बटणापाशी स्टूल टाकूनच बसल्या. नवऱ्यालासुद्धा त्यांनी दटावलं, "हात लावाल तर बघा! त्याचा अभ्यास चाललाय."

मी उठलो! सासऱ्यांनी मला जवळचा गर्दीचा टॉवर सोडून लांबचा मोकळा टॉवर धरायला लावलं. असं करता येतं, हे मला इतकी वर्षं ठाऊकच नव्हतं. मुलाखत चाळीस मिनिटं चालली, पण मी एकदाही अडखळलो नाही. दार उघडून सून थेट सासूबाईंच्या गळ्यात पडली. "आई, सोमवारपासून या म्हणाले!"

मित्रांनो, आम्हा जुन्यांना अडगळीत टाकण्याआधी एकदा नवं काही शिकवून तर बघा. आणि आम्ही शिकत असू, तेव्हा दहा मिनिटं तरी आमच्यापाशी धीराने बसा.