मागाहूनला सांगितलेली वेळ

"त्यांना नऊ सांगा," उशीला टेकून बसलेली बायको म्हणाली. "दहाचं लग्न म्हणून दहा सांगाल, तर पोरगी सासरी पोचल्यावर उगवतील ते."

टाइमकीपर गालातल्या गालात हसला. कारखान्याच्या फाटकाजवळच्या काचेच्या खोलीत त्याची हयात गेली होती. भोंगा त्याच्या हाताने वाजायचा आणि आसपासच्या वस्त्या त्यावर आपली घड्याळं लावायच्या. अशा माणसाचा जिवलग मित्र कोण, तर मागाहून! 'तुम्ही व्हा पुढे, मी मागाहून येतो' हे वाक्य त्याच्या तोंडात शाळेपासून होतं, त्यामुळे नाव पडलं ते पडलंच. स्वतःच्या लग्नालासुद्धा हा नवरीनंतर पोचला होता. कारण विचारलं तर म्हणाला, वाटेत उजेड फार छान पडला होता, दोन फोटो काढत बसलो.

फोटोवाला असा असला तर गिऱ्हाइकांनी करायचं काय? त्यांनी तोड काढली होती. मागाहूनला सगळेजण एक तास आधीची वेळ सांगत. टाइमकीपरही तेच करत आला होता. जगाला बरोबर वेळ सांगून पोट भरणारा माणूस, पण मित्राला मात्र जन्मभर खोटी वेळ सांगत आला होता.

लेकीच्या लग्नाची सगळी कामं त्याने मित्रांनाच दिली होती. खुर्च्या एकाच्या, जेवण दुसऱ्याचं, माइक तिसऱ्याचा. बायकोला ते पटलं नव्हतं. अवघड जागी दुखणं आणि जावई डॉक्टर, असली गत होईल, असं ती म्हणे. परक्याने घोळ घातला तर चार शब्द सुनावता येतात, मित्राला काय सुनावणार? खुर्च्यावाल्याबद्दल ती बोलली, आचाऱ्याबद्दल बोलली. फोटोचं काम मात्र दुसऱ्या कुणाला द्या, असं ती एकदाही म्हणाली नाही.

त्याला कारण होतं. फोटोत तिचे डोळे नेहमी मिटलेले यायचे. कॅमेरा समोर आला की पापणी लवलीच म्हणून समजा. घरातल्या सगळ्या फोटोंत ती उभ्या उभ्या डुलकी काढत असल्यासारखी दिसे. तिचे डोळे उघडे ठेवण्याची युक्ती फक्त मागाहूनला ठाऊक होती. कॅमेरा रोखून तो सहज म्हणायचा, "वहिनी, परवा तुमच्याकडे जेवलो, पण मीठ जरा कमीच होतं." ती डोळे वटारायची आणि त्याच क्षणी खटका पडायचा. लेक रांगत होती तेव्हाचा तसा एक फोटो घरात होता. त्यानंतर कधी योग आला नव्हता.

आता तिच्याकडे फार दिवस उरले नव्हते. डॉक्टरांनी ते टाइमकीपरला बाजूला घेऊन सांगितलं होतं, आणि तिला न सांगताच कळलं होतं. लग्नानंतर लेक नवऱ्याबरोबर लांब, समुद्रापलीकडे जायची होती. बायकोने एकच मागितलं होतं. "तिच्याजवळ आमचा दोघींचा एक फोटो असू दे. मी तिच्याकडे बघत असलेला. डोळे उघडे असलेला."

म्हणूनच, नऊ सांगायचं हे मनाशी पक्कं करून टाइमकीपर फोटोच्या दुकानात गेला. मागाहून भिंग पुसत बसला होता. कुठल्या कोनात वहिनींना बसवायचं, उजेड कुठून घ्यायचा, हे त्याने विचारायच्या आधीच सांगायला सुरुवात केली. मग मध्येच थांबून म्हणाला, "पोरीचा पहिला फोटो मी काढला रे. तिच्या लग्नाला तरी मी उशीर करीन का?"

म्हणताना तो हसत होता, पण डोळ्यांत पाणी होतं. टाइमकीपरला स्वतःची लाज वाटली. एवढ्या वर्षांत आपण या माणसावर एकदाही विश्वास टाकला नाही, हे त्याला आतवर टोचलं. मागाहूनने किती वाजता यायचं म्हणून विचारलं, तेव्हा त्याच्या तोंडून निघून गेलं, "दहा."

घरी परतताना त्याला हलकं वाटत होतं. सांगितलंत का, एवढंच बायकोने विचारलं. सांगितलं, एवढंच तो म्हणाला.

लग्नाच्या दिवशी सकाळी डॉक्टर घरी येऊन इंजेक्शन देऊन गेले. याचा जोर फार वेळ टिकणार नाही, असं त्यांनी बजावलं होतं. लेकीने स्वतः नटायच्या आधी आईला नटवलं. हॉलमध्ये खिडकीजवळ हातांची खुर्ची मांडून तिला बसवलं, तेव्हा तिच्या चेहऱ्यावर खरोखर रंग आला होता. पाहुणे म्हणाले, अरे, या तर बऱ्या दिसतात.

दहा वाजले. लग्न लावणारा अधिकारी कागद मांडून बसला. मागाहून आला नव्हता.

पाच मिनिटं थांबू, असं टाइमकीपर म्हणाला, आणि मग आणखी पाच. आयुष्यात प्रथमच तो भोंगा अडवून धरत होता. पुतण्याला दुकानावर पिटाळलं, तर दुकानाला कुलूप. फोटोचं दुसरं दुकान होतं, पण त्याचा माणूस दुसऱ्याच लग्नात गुंतलेला. वरपक्षाचे लोक घड्याळाकडे आणि मग त्याच्याकडे बघू लागले. खुर्च्या वेळेवर आल्या होत्या, माइक नीट वाजत होता, स्वयंपाकाचा वास सुटला होता. सगळे मित्र शब्दाला जागले होते.

शेवटी बायकोच म्हणाली, "अहो, सुरू करा. माझ्याच्याने आता बसवत नाही."

लेकीने सही केली तेव्हा आई बसलेली होती. टाळ्या वाजल्या, तेव्हा तिची मान एका बाजूला कलली. दोघांनी धरून तिला आतल्या खोलीत गादीवर निजवलं. खिडकीजवळच्या खुर्चीवर तिची शाल तेवढी राहिली.

आणि मग मागाहून दारात आला. नुकती दाढी केलेली, केस कापलेले, कडक इस्त्रीचा कोट, गळ्यात कॅमेरा. चेहरा आनंदाने फुलला होता.

"बघ," तो लांबूनच म्हणाला. "तू दहा म्हणालास, म्हणजे अकरा. मला काय ठाऊक नाही होय तुम्हा लोकांची चलाखी? आज त्याच्याही आधी आलो की नाही? न्हाव्याकडे जाऊनसुद्धा!"

टाइमकीपरने रागावायला हवं होतं. पण कुणावर? सगळ्यांनी मिळून या माणसाचं घड्याळ असं लावून ठेवलं होतं, आणि नेमक्या आजच आपण त्याला खरं सांगितलं.

"दहाच होते रे," तो म्हणाला.

मागाहूनने रिकामी खुर्ची पाहिली. त्यावरची शाल पाहिली. आतल्या खोलीत जाऊन तो गादीजवळ गुडघ्यांवर बसला. लेक आईचा हात धरून होती. त्याने कॅमेरा डोळ्याला लावला आणि फाटक्या आवाजात म्हणाला, "वहिनी, परवा मीठ..." पुढचं त्याला बोलवेना. तिच्या ओठांची कड किंचित हलली. डोळे मात्र उघडले नाहीत.

लेक नवऱ्याबरोबर समुद्रापलीकडे गेली. मागाहून मात्र त्यानंतर रोज सकाळी येऊ लागला, भोंग्याच्याही आधी. पायरीवर बसून राहायचा. वहिनींना आज जरा बरं वाटलं, थोडं बसता आलं, तर निदान त्यांचा एकटीचा तरी काढू, असं म्हणायचा. लेकीला पाठवता येईल. टाइमकीपर आत जाऊन बघून यायचा आणि उद्या बघू म्हणायचा. दोघे चहा पीत. लग्नाबद्दल कुणी काही काढत नसे. माफी मागितली गेली नाही आणि दिलीही गेली नाही. कुणी कुणाची मागायची, हेच ठरत नव्हतं.

एका सकाळी टाइमकीपर बराच वेळ बाहेर आला नाही. भोंगा वाजून गेला. टाइमकीपर रजेवर असल्यामुळे तो दुसऱ्याच कुणी तरी वाजवला होता आणि थोडा चुकला होता. मग दार उघडलं.

मागाहून कॅमेरा सावरत उठला. मित्राचा चेहरा पाहून तसाच उभा राहिला. नंतर त्याने खिशातून भिंगाचं झाकण काढलं. ते भिंगावर नीट बसेना, तेव्हा टाइमकीपर एक पायरी खाली उतरला आणि त्याने ते बसवून दिलं.