नळाच्या आधीची पाच वर्षे

चौकशी समितीचे पत्र आले तेव्हा आम्ही तिघे सकाळच्या चहाला बसलो होतो. चहाच्या टेबलावर पत्रे फोडायची नाहीत, असा माझ्या घरात नियम आहे. तो मीच केलेला असल्यामुळे आजवर कोणी मोडलेला नव्हता. त्या दिवशी सूनबाईने तो मोडला. तिने बशी बाजूला सरकवली, पाकीट फोडले, वाचले आणि पत्र घडी घालून पुन्हा आत ठेवले.

"गुरुवारी सुनावणी," एवढेच ती म्हणाली.

माझी सून विद्यापीठात समाजशास्त्र शिकवते. गेल्या वर्षी तिने आणि तिच्या विद्यार्थिनींनी नदीपलीकडच्या वस्तीची घरोघर पाहणी केली. त्या वस्तीवरून रुंद रस्ता न्यायचे शासनाने ठरवले होते. वस्ती तीस वर्षांहून जुनी ठरली, तर रहिवाशांना तिथेच घरे बांधून द्यावी लागतात; नवी ठरली, तर ट्रकमध्ये सामान भरून त्यांना शहराबाहेर सोडता येते. शासन म्हणत होते, वस्ती पंधरा वर्षांची आहे. सूनबाईचा अहवाल म्हणत होता, छत्तीस वर्षांची.

समितीने त्या अहवालातली एक गोष्ट नेमकी पकडली. दोनशे बारा घरांपैकी एकशे त्रेसष्ट घरांच्या पुढे 'रहिवास कधीपासून' या रकान्यात एकच वर्ष लिहिलेले होते. इतकी कुटुंबे एकाच वर्षी एकाच ठिकाणी राहायला येतील कशी? उत्तरे टेबलाशी बसून भरली आहेत, असा सरळ आरोप होता. खरी असतील, तर त्या घरांची नावे द्या, आम्ही जाऊन विचारतो. आणि नाव कोणालाही कळणार नाही, असा शब्द सूनबाईने प्रत्येक दारात उभे राहून दिला होता.

"देऊन टाक ना नावं," माझा मुलगा म्हणाला. तो विमा कंपनीत आहे. जगातल्या सगळ्या आपत्ती आपल्याच घराच्या दिशेने निघाल्या आहेत, असे त्याला सदैव वाटते.

"आणि मग त्यांच्या दारात कोण जाऊन उभं राहील? जे बोलले त्यांची घरं आधी पाडतील."

"नोकरी जाईल तुझी."

"जाईल."

"आई, तू तरी सांग हिला!"

"मी काय सांगू? शब्द तिने दिलाय, तो तिने पाळायचा. तू बाथरूमचा दिवा बदलायचा शब्द दिला होतास, त्याला तीन आठवडे झाले."

सूनबाईने माझ्याकडे पाहिले, पण ती हसली नाही. तिचा चहा तसाच राहिला. माझ्या घरात चहा टाकत नाहीत, हेही मी त्या दिवशी बोलले नाही.

एक गोष्ट कबूल करते. तो अहवाल मी वाचलेला नव्हता. छापून आला त्या दिवशीच तिने मला प्रत दिली होती, आणि मी ती इस्त्रीच्या चादरींखाली ठेवून दिली होती. दारोदार फिरून प्रश्न विचारण्याला विद्या म्हणावे, हे मला कधी पटले नाही. मी बावीस वर्षे पाणीपुरवठा कार्यालयात नळजोडणी विभागाची प्रमुख होते. लोक आमच्या खिडकीशी येत, आम्ही त्यांच्या दाराशी जात नसू.

त्या दुपारी मी चादरींखालून प्रत काढली आणि चष्मा पुसून वाचायला बसले. तिसऱ्या परिशिष्टाशी येऊन थांबले.

वयस्कर माणसांना वर्षांचे आकडे आठवत नाहीत, म्हणून विद्यार्थिनींनी घटनांची एक यादी सोबत नेली होती. मोठा पूर, पुलाचे उद्घाटन, गिरणीचा संप, अशी. यातली कोणती पहिली घटना घडली तेव्हा तुम्ही इथे होतात, असे विचारायचे आणि त्या घटनेचे वर्ष लिहायचे. यादीतली पहिली ओळ होती: वस्तीत नळ आला.

यादी माझी होती. एका रविवारी सूनबाई वही घेऊन माझ्यापाशी बसली होती आणि मी स्वेटरचे टाके मोजता मोजता तिला एकेक घटना वर्षासह सांगितली होती. "नळाच्या आधीचं काही आठवतं, आई?" असे तिने विचारलेले मला स्पष्ट आठवले. मी दिलेले उत्तरही आठवले. "त्याच्या आधी तिथं काय होतं? काही नव्हतं." ती पाइपलाइन माझ्या सहीने गेली होती. त्या सहीच्या आधीही तिथे माणसे जगत होती, हे माझ्या मनाला शिवलेच नव्हते. असल्या कागदावर माझे नाव नको, असेही मी तेव्हा बजावले होते. म्हणून तळटीपेत फक्त 'एका निवृत्त अधिकाऱ्यांच्या माहितीवरून' एवढेच होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी नदी ओलांडून वस्तीत गेले. माझे कपडे पंचवीस वर्षे जी शिंपीण घरी येऊन नेते आणि शिवते, तिचे दुकान तिथेच, घराच्या पुढच्या खोलीत आहे. शिलाई मशीन दारात, बरण्यांमध्ये रंगवार बटणे, गळ्यात टेप.

"बाई! तुम्ही? आणि इकडे?"

"कपडे द्यायला नाही आले. एक सांग, तू या घरात कधीपासून?"

"हेच त्या पोरींनी विचारलं होतं. नळ आला तेव्हा होतात का म्हणाल्या. होते म्हटलं. लिहून घेतलं त्यांनी."

"नळ आला तेव्हा होतीस. पण आलीस कधी?"

तिने मशीन थांबवले. "आता हे तुम्ही मला विचारायचं? पाच वर्षं राहिल्याचा पुरावा आणा, त्याशिवाय नळ नाही, हे कोण म्हणालं होतं? दवाखान्याचा कागद, शाळेचा दाखला, काय काय गोळा केलं आम्ही. मी तीन खेपा घातल्या तुमच्या खिडकीशी. दुसऱ्या खेपेला म्हणालात, शिक्का पुसट आहे."

"पुसट होता."

"होता हो, मी कुठं नाही म्हणते? तुमचं नाव काय पडलं होतं इथं, ठाऊक आहे? पाचवर्षे बाई! अजूनही एखादी सासू फार कडक निघाली ना, की तिची सून शेजारणीला सांगते, आमच्याकडे पाचवर्षे बाई आहे."

एरवी मी हे ऐकून घेतले नसते. त्या वेळी मात्र मी तिचे स्टूल ओढून बसले. पाच वर्षांचा तो नियम वरून आलेला नव्हता, माझा होता. लोकांनी तेव्हा मला त्यासाठी शिव्या घातल्या होत्या. पण त्या नियमामुळे पहिल्या वर्षी नळ मिळालेले प्रत्येक घर त्याआधी किमान पाच वर्षे तिथे होते, आणि ते तसे होते हे माझ्या सहीनिशी नोंदवहीत लिहिलेले होते.

संध्याकाळी सूनबाई घरी आली, तशी मी तिला समोर बसवले.

"यादी चुकीची होती. कधी कळलं तुला?"

ती दचकली. मग म्हणाली, "आरोप पेपरात आला त्या आठवड्यात. आकडे पुन्हा मांडले तेव्हा."

"मग बोलली का नाहीस?"

"यादी कोणाची, हे त्यांनी विचारलं असतं. तुम्हाला त्या खुर्चीत बसवून वाटेल ते बोलले असते, आई. ते मला नको होतं."

"म्हणजे मला सांभाळून घेत होतीस?"

"हो."

"कोणाच्या परवानगीने?"

ती खाली पाहून बोटातली अंगठी फिरवू लागली. "चूक कबूल केली तर ते म्हणतील, सगळाच अहवाल चुकीचा."

"आणि नाही केली तर म्हणतील, सगळाच खोटा. चुकीला दुरुस्ती असते." मग मी तिला पाच वर्षांच्या नियमाचे सांगितले. नंतर तिने सकाळचा उरलेला चहा मागून घेतला आणि गार तसाच पिऊन टाकला.

गुरुवारी सुनावणीच्या खोलीत लांब टेबलामागे समिती बसली होती. अध्यक्ष निवृत्त न्यायाधीश होते. त्यांच्या शेजारी समितीचे सचिव, टोक केलेल्या चार पेन्सिली समोर मांडून, खुर्चीत अर्धे आडवे झालेले. मागच्या बाकांवर वस्तीतली दहाबारा माणसे होती. शिंपीण पहिल्याच बाकावर, टेप गळ्यात तशीच. सूनबाईने नावे देण्यास तिसऱ्यांदा नकार दिला, तेव्हा मी उभी राहिले.

"आपण कोण?" अध्यक्षांनी विचारले.

"ती यादी सांगणारी."

"आजी," सचिव म्हणाले, "ही सुनावणी आहे. तुम्ही बाहेर बसा, तिथे चहा मिळेल."

"मी तुमची आजी नाही. माझी नातवंडं असती, तर खुर्चीत सरळ बसली असती."

सचिव सरळ बसले. अध्यक्षांनी मला बोलायची खूण केली.

मी आयुष्यात पुष्कळांच्या चुका दाखवल्या आहेत आणि त्यात कधी अडखळले नाही. "चूक माझी आहे" हे तीन शब्द मात्र मला दोनदा सुरू करावे लागले. मी टेबलाची कड धरली आणि ते म्हटले. यादी नळापासून सुरू केली, त्याआधीचे काही सांगितले नाही, म्हणून आधीपासून राहणाऱ्या सगळ्यांपुढे नळाचेच वर्ष पडले, हे क्रमाने सांगितले.

"हे आता सुचलेलं स्पष्टीकरण आहे," सचिव म्हणाले. "पुरावा काय?"

"पाणीपुरवठा कार्यालय, तळमजला. खिडकीपासून तिसरं कपाट, वरून दुसरा कप्पा. नोंदवह्या मी वर्षवार लावल्या आहेत. कोणी हलवल्या नसतील. तिथे कोणी झाडतसुद्धा नाही. नोंदवही सरकारीच आहे, तेव्हा या मुलीला कोणाचं नाव सांगावं लागणार नाही. तुम्ही फक्त मोजा."

अध्यक्षांनी शिपायाला पाठवले. पाऊण तासाने तो धुळीने माखलेली नोंदवही छातीशी धरून आला. अध्यक्षांनी स्वतः पाने उलटली. त्या वर्षीची प्रत्येक नोंद, तिच्यापुढे 'पाच वर्षांचा रहिवास सिद्ध', आणि खाली माझी सही. ते बोट ठेवून मोजत होते. सूनबाईने पिशवी मांडीवर घट्ट धरली होती.

"एकशे एकाहत्तर," अध्यक्ष म्हणाले. "पाहणीत एकशे त्रेसष्ट."

"आठ घरं नंतर सोडून गेली," मागून शिंपीण ओरडली. "कोणती ते मी सांगते!"

"नको, नको, नावं नकोत," अध्यक्ष घाईने म्हणाले.

"पण सर," सचिवांनी अजून हार मानली नव्हती, "रहिवास सिद्ध असं नुसतं लिहिलंय. ओळखीपाळखीत दिलं नसेल कशावरून?"

अध्यक्षांनी एकदा माझ्याकडे आणि एकदा नोंदवहीकडे पाहिले. जिथे मी अर्ज परत पाठवला होता, तिथे लाल शाईत तसे लिहिलेले होते. 'शिक्का पुसट.' 'तारीख नाही.' 'पुन्हा आणावे.' पानामागून पान.

"सचिवसाहेब," ते म्हणाले, "या बाईंनी कोणाला पाच वर्षं फुकट दिली असतील, असं तुम्हाला खरंच वाटतं?"

सगळी खोली हसली. शिंपीण सर्वांत मोठ्याने हसली आणि मी तिला हसू दिले. बनावट उत्तरांचा आरोप रद्द, नावांची मागणी मागे, आणि वस्ती किमान एक्केचाळीस वर्षे जुनी आहे या दुरुस्तीसह अहवाल मान्य, असे अध्यक्षांनी तिथेच लिहून घ्यायला सांगितले. सूनबाईने पिशवी खाली ठेवली. मी तिच्या हातावर हात ठेवला आणि खोली रिकामी होईपर्यंत काढला नाही.

घरी आलो तर बाथरूममध्ये लख्ख दिवा लागलेला होता. मुलगा शिडीवरूनच म्हणाला, "काय झालं?"

"राहिली तुझ्या बायकोची नोकरी. उतर खाली, पडशील."

शनिवारी सूनबाईने दुरुस्तीपत्रकाचा मसुदा मला दाखवला. 'अनवधानाने राहून गेलेली' असे तिने लिहिले होते.

"अनवधान खोड. 'चुकीने' लिही. आणि माझं नाव घाल, हुद्द्यासकट."

"आणि नवी पहिली ओळ? नळाच्या आधी तिथे काय होतं?"

"मला माहीत नाही," मी म्हणाले. हे वाक्य मी त्या घरात पहिल्यांदाच उच्चारले असावे, कारण मुलाने वर्तमानपत्र खाली केले.

सोमवारी मी वही आणि पेन्सिल घेऊन पुन्हा नदी ओलांडली. शिंपिणीने स्टूल पुढे केले आणि दोऱ्याचे रीळ बदलता बदलता बोलायला लागली. आधी गिरणीच्या पंपावरून पाणी आणायचो, पहाटे चारला रांग, पुढची बादली आमची, मागची त्या सुताराच्या बायकोची.

"हळू सांग," मी म्हणाले. "कोणत्या वर्षी?"

"वर्ष कुठलं आठवायला? थोरली पोटात होती तेव्हा. तसं लिहा, आकडा मग काढू."

मी तसे लिहिले.