माणूस कसा आहे?

"चार दिवसांचा तर प्रश्न आहे," म्हणत ताई पिशव्यांसकट आत शिरली. मागोमाग भाऊजी, शर्टाची बटणं खालीवर लागलेली. त्यांच्या घराचं छत उतरवायचं होतं आणि ठरवलेली सोय ऐनवेळी फिसकटली होती.

लिफ्ट दुरुस्त करणाऱ्या तिच्या धाकट्या भावाने बॅग घेतली. त्याच्या बायकोने त्याला स्वयंपाकघरात गाठलं. "दोन खोल्यांत चौघं? कळवायचं तरी."

त्याने खांदे उडवले. तीस वर्षांच्या संसारात बोलणं आताशा कामापुरतंच उरलं होतं.

भाऊजी भूगोलाचे निवृत्त शिक्षक. वर्षभरात त्यांना माणसांचा विसर पडू लागला होता, हे ताईने फोनवर कधी बोलून दाखवलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी नाश्त्याला त्यांनी मेहुण्याच्या बायकोला अदबीने विचारलं, "बाई, तुमचं लग्न झालंय?"

"झालंय की."

"माणूस कसा आहे?"

माणूस समोरच पावाला लोणी लावत होता. "आहे आपला," ती म्हणाली.

तिसऱ्या दिवशी तोच प्रश्न. "घुम्या आहे," ती म्हणाली. नवऱ्याने पेपर खाली केला.

ताई ओशाळली. "मनावर घेऊ नकोस गं. त्यांना आठवत नाही."

"असू दे हो ताई. आजवर मला हे कुणी विचारलं होतं?"

मग ती रोज थोडं थोडं सांगू लागली. हट्टी आहे. हिशेबी नाही. पाचव्या दिवशी मात्र भांडी विसळता विसळता थांबली. "माझं ऑपरेशन झालं तेव्हा सोळा दिवस दवाखान्यात फरशीवर झोपला. घरी आल्यावर त्याबद्दल चकार शब्द नाही. मीही त्याला कधी सांगितलं नाही, की मला बरं वाटलं."

भाऊजींनी मान डोलावली. नवरा कामाला निघाला होता. बुटाची नाडी बांधायला त्याला बराच वेळ लागला.

चाराचे अकरा दिवस झाले. टॅक्सी दारात आली तेव्हा ताईने तिचा हात धरला. "फार त्रास दिला तुला."

"पुन्हा या," ती म्हणाली, आणि ते तोंडदेखलं नव्हतं.

भाऊजींनी टॅक्सीच्या खिडकीतून तिच्या नवऱ्याला विचारलं, "तुमचं लग्न झालंय?"

"झालंय."

"बाई कशी आहे?"

ती शेजारीच उभी होती. तो घसा खाकरून खिडकीशी वाकला.

"जरा वेळ लागेल, भाऊजी," तो म्हणाला. "पहिल्यापासून सांगतो."

टॅक्सीवाल्याने इंजिन बंद केलं.