उर्वशी जिथं असेल तिथं

“त्याले हद्द घातली म्हणून हरखू नको, पोरी,” नलूबाई सुनेला म्हणाल्या होत्या. “हद्द घालणारा गाडीत बसून निघून जाते. हद्द आपल्याच दारात राह्यते.”

ममतानं सासूचं बोलणं कानाआड केलं. ती बी.ए. झालेली, आणि कोर्टात लेक मांडीवर घेऊन नणंदेशेजारी स्वतः बसलेली. सगळं आपल्या कानांनी ऐकून आली होती.

नणंद उर्वशी. तिच्यावर अत्याचार केल्याचा आरोप गावातल्या अमरवर होता आणि सुनावणी त्याच्या जामिनाची. काय घडलं ते खटल्यात ठरेल, न्यायाधीश म्हणाले. आज एवढंच बघायचं की आरोपी पळून जाईल का आणि साक्षीदारांवर दबाव आणेल का. मग अमरचा वकील उठला आणि त्यानं अमरची पाळंमुळं दाखवायला घेतली. बाप वामनराव यांचं कृषी केंद्र, ओलिताचं शेत, आज्याच्या हातचं घर, म्हशी. “त्यातली एक गाभण आहे, साहेब. असा माणूस जाईल कुठं?”

न्यायाधीशांनी उर्वशीला विचारलं, “तुम्हाला काही सांगायचंय?”

“तो कुठीच जाणार नाही, साहेब,” उर्वशी म्हणाली. “मले भेव त्याचंच आहे.”

साहेबांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. जामीन दिला, पण अट घालून : उर्वशी जिथं असेल तिथं आरोपीनं जायचं नाही. ममताला वाटलं, चला, अर्धं तरी जिंकलो.

गावानं ती अट फारच मनावर घेतली.

उर्वशी चक्कीवर दळण घेऊन गेली, तर शेजारच्या सलूनमधून अमर गालाला फेस तसाच ठेवून पळाला. एक गाल घोटलेला, दुसरा तसाच. न्हावी वस्तरा हातात घेऊन चक्कीत आला. “ताई, किती टाइम लागंन? गिऱ्हाईक अर्धं राह्यलं ना माझं.” लोक हळहळले. केवढं पाळते बिचारा! मग एका लग्नघरातून निरोप आला : उर्वशीनं यावं, जरूर यावं, पण शेवटच्या पंगतीला, नाहीतर नवरदेवाचा दोस्त उपाशी राह्यते. ज्या मेडिकलमध्ये ती कामाला होती, त्याचा मालक म्हणाला, “काही दिवस घरीच राह्य, बेटा. दुकान पडलं चौकात. तू इथं असली का त्या पोराले चौकच बंद.”

शेवटी उपसरपंच बबनरावांनी व्हॉट्सॲपवर ग्रुप काढला. नाव ‘कोर्टाचा मान’. उर्वशी ज्याला दिसेल त्यानं टाकायचं, म्हणजे अमरच्या हातून चूक व्हायला नको. ‘उर्वशी बँकेत.’ ‘उर्वशी निघाली, हिरवी ओढणी.’ खाली जोडलेले हात. बबनरावांनी ममतालाही त्यात घेतलं. “तुमी घरच्या ना, सूनबाई. तुमची खबर पक्की राह्यते.”

ममता फोन घेऊन पोलीस ठाण्यात गेली. हवालदारानं सगळं वाचलं.

“अट मोडली काय त्यानं?”

“नाही. पण सारं गाव तिच्यावर पाळत ठेवून राह्यलं ना!”

“मोडलीच नाही तर जामीन रद्द कसा होईन, मॅडम? इतका शिस्तीचा आरोपी तं आम्ही पाह्यलाच नाही.”

उर्वशी बाहेर पडेनाशी झाली. ग्रुपवर रोज सकाळी एकच ओळ यायची : ‘उर्वशी घरी. रस्ता मोकळा.’ पुढं मागं तिला कोर्टात उभं राहून साक्ष द्यायची होती, आणि ती अंगणातल्या नळावरसुद्धा जाईना. नलूबाई सुनेकडे नुसतं बघायच्या. त्यापेक्षा बोललेलं परवडलं असतं.

पेरणीचे दिवस आले. कृषी केंद्रापुढं सोयाबीनच्या बियाण्यासाठी झुंबड. ममतानं ती अट मनातल्या मनात परत एकदा म्हणून पाहिली, आणि उठलीच.

“चाल, उर्वशी. चप्पल घाल.”

“कुठी, वहिनी?”

“बाकड्यावर.”

कृषी केंद्राच्या बरोब्बर समोर ग्रामपंचायतीचं सिमेंटचं बाकडं आहे. दोघी लेकराला घेऊन त्यावर जाऊन बसल्या. अमर गिऱ्हाइकाच्या हातात बियाण्याची बॅग आणि पावती न देताच मागच्या दारानं सटकला. घामाघूम झालेले वामनराव बाहेर आले.

“बाई, धंद्याचे दिवस आहेत. पोराले काम करू द्या.”

“करू द्या ना,” ममता म्हणाली. “आम्ही कायले अडवू? आम्ही तं कोर्टाचा मान ठेवून राह्यलो.”

उर्वशी हसली. तोंडाला ओढणी लावून, पण हसली. आणि दुसऱ्या दिवशी तिनं स्वतःच चप्पल घातली.

अमरच्या वकिलानं अट बदलण्यासाठी अर्ज केला. पीडिता आरोपीचा छळ करते, असं त्यात होतं.

“अट कोणावर आहे?” साहेबांनी विचारलं.

“माझ्या अशिलावर.”

“बाकडं कोणाचं?”

“ग्रामपंचायतीचं.”

“मग?”

“साहेब, ती बसते!”

साहेबांनी अर्ज आदेशासाठी ठेवून दिला. आदेश अजून यायचाय. तोवर उर्वशी बसते.

आज ममताच्या लेकीला ताप चढला. सासू-सुना तिला घेऊन यवतमाळच्या दवाखान्यात आल्या. निघताना ममता घुटमळली, तर उर्वशी म्हणाली, “जा ना, वहिनी. मी बसतो एकटी.” सकाळी ग्रुपवर आलं, ‘उर्वशी बाकड्यावर.’ जो ग्रुप बंद पाडायला ममता ठाण्यापर्यंत गेली होती, त्यातली ती ओळ वाचून तिच्या जिवात जीव आला. मग पुन्हा, ‘बाकड्यावरच.’ दुपारपासून मात्र काही नाही. एक ओळ नाही, जोडलेले हात नाहीत. उर्वशीचा फोन नुसता वाजतो. बबनरावांचा बंद आहे. घरी दुसरं कोणी नाही. लेकीच्या हाताला सलाईन लागलेलं, ती आईचं बोट सोडत नाही.

तेव्हा तुम्ही आर्णी रोडनं जात असाल, तर गावात शिरताना कृषी केंद्रासमोर जरा गाडी हळू करा. बाकड्यावर ती दिसली तर काही बोलू नका, बसू द्या. रिकामं असेल तर तिथं कोणाला विचारत बसू नका. बुद्धविहाराच्या मागं निळ्या दाराचं घर आहे, तिथं जाऊन ‘उर्वशी’ म्हणून हाक मारा. आतून ओ येते का, तेवढं बघा.