सुतात गेलेलं नाव

यासमा पहाटे गेली. मुलगी झाली, तिला तिने डोळे भरून पाहिलं, "हिला कादिया म्हणा" एवढंच बोलली आणि मान टाकली. तिच्या आईला, याकेनेला, लेकीसाठी रडायलाही सवड मिळाली नाही. दिवस मावळायच्या आत यासमाला दोरांनी वर कड्याच्या गुहेत चढवायचं होतं, आणि तिच्या छातीवर तिच्या गोष्टीची चार बोटं रुंद विणलेली पट्टी हवी होती. त्या गोष्टीवाचून तिला पूर्वजांची वाट सापडली नसती. गोष्ट कातायची ती आईनेच.

कातणाऱ्या बायकांच्या मंडळीत याकेने सगळ्यात जुनी. अंगठा थुंकीने ओला करायचा, टकळी फिरवायची आणि एका श्वासात एक प्रसंग सुतावर बोलायचा. टकळी फिरत असताना तोंडातून जे निघेल ते सुतात उतरतं. ज्याच्या अंगावर ते वस्त्र पडेल त्याचं होऊन जातं. म्हणून मधे दुसरा शब्द नाही. खोकलासुद्धा गिळायचा. चाळीस वर्षं तिने हा नेम अम्मादेवाच्या पूजेसारखा सांभाळला होता.

यासमा बकरीमागे धावली आणि गुडघे फोडून घेतले. यासमाने कांद्याच्या वाफ्यात आपली बांगडी पुरली आणि चार दिवस शोधली. याकेने सांगत होती, सूत लांबत होतं. सांगता सांगता ती बाळंतपणापाशी आली. मांडीशी ठेवलेलं बाळ रडत होतं, थांबत होतं, पुन्हा रडत होतं. कापसाचा शेवटचा पेळू संपला तेव्हा तिला वाटलं, झालं एकदाचं.

दीर ओगोब्रा कडुनिंबाखाली मागावर बसला. उभे धागे तयारच होते. आडवा धागा घालण्याआधी तो वाव-वावभर सूत ओठांतून ओढून त्यात काय उतरलंय ते बघत होता.

"चाखताय काय? भाजी आहे का ती?" त्याची बायको बिंतू म्हणाली. "सूर्य काही तुमच्या घरचा गडी नाही थांबायला."

"तुझ्या पेजेपेक्षा चव आहे याला," ओगोब्रा म्हणाला. मयताच्या घरीही या दोघांचं असंच चालायचं. याकेनेलाही जरा बरं वाटलं.

पट्टी हातभर राहिली असताना त्याचे ओठ थांबले. तोच धागा त्याने मागे घेऊन पुन्हा ओढला.

"वहिनी, कातताना बाळाशी बोललात का?"

"मी? नाही हो."

"'उगी, कादिया, उगी.' इथे आहे. तुमच्याच आवाजात."

याकेनेने धागा ओठांना लावला. होतं. तिला बोलल्याचं आठवतसुद्धा नव्हतं.

"तेवढं तोडा, भावजी."

"एकाच श्वासात आलंय सगळं. तोडलं तर बाळंतपण जाईल. यासमाला वर गेल्यावर कळणारच नाही की ती आई झाली होती."

"मग मी परत कातते. बसते लगेच."

"आक्का, सांगितलेली गोष्ट दुसऱ्यांदा सुतात धरते का कधी?" बिंतू हळूच म्हणाली. "तुम्हीच शिकवलंत ना आम्हाला."

याकेनेने धागा खाली ठेवला. नाव पट्टीत राहिलं तर ते यासमाचं. ती वरून त्या नावाने हाक मारणार, आणि त्या नावाचं जे कोणी खाली असेल ते तिच्यामागे जाणार. हेही याकेनेनेच शिकवलं होतं.

"दुसरं काही?" तिने विचारलं.

ओगोब्राने मान खाली घातली. "पोरीचं नाव काढून घ्यायचं. आजपासून गावात कोणी ते उच्चारायचं नाही. दुसरं माहीत नाही मला, वहिनी."

"आईने दिलेलं तेवढंच आहे तिच्याजवळ."

"हो."

ऊन कड्याच्या कडेला पोचलं होतं. अंधारात माग चालवायचा नसतो. तिने बाळ उचललं, त्याच्या कानांमागे तेल लावलं, ओलं फडकं फिरवलं, पुन्हा तेल लावलं. नाव धुवायची रीत एवढीच. तिने आजवर ती कधी केली नव्हती. बरोबर झाली की नाही कोण सांगणार?

"विणा आता, भावजी," ती म्हणाली.

पट्टी यासमाच्या छातीवर, पांघरलेल्या चादरीला टाचली. वरच्या माणसांनी दोर ओढला. यासमा कड्याला घासत, थांबत, फिरत वर गेली आणि गुहेत दिसेनाशी झाली. रिकामा दोर खाली आला.

"आक्का, द्या इकडे, का..." म्हणता म्हणता बिंतूने तोंडावर हात दाबला.

बाळ जागं होतं. रडत नव्हतं, कड्याकडे टक लावून बघत होतं. याकेनेने त्याचे दोन्ही कान तळव्यांनी झाकले. बिंतू पेज घेऊन आली, बोलावून गेली, पुन्हा आली. याकेनेने हात काढले नाहीत.