पिवळी राणी

१९९६ साल. पंचवटीतल्या आमच्या गल्लीच्या गणपतीत मुलांनी मूकनाट्य बसवलं होतं. माझी नात सृष्टी त्यात राणी होती, आणि तिला रंगवायला सहादूमामांनी साठ वर्षांनी आपली पेटी उघडली.

मामा म्हणजे माझे मामेसासरे, वय पंच्याऐंशी. तरुणपणी ते मूकपटांच्या कंपनीत नटांचे चेहरे रंगवत. बोलपट आले, फिल्म बदलली, तिला वेगळे रंग लागू लागले, नवे रंगवणारे आले. मामा नाशकाला परतून झेंडू लावू लागले. पुन्हा त्यांना कुणी चेहरा रंगवायला सांगितलं नव्हतं. सृष्टीने सांगितलं, तर आठवडाभर त्यांना धड जेवण गेलं नाही.

गणपतीच्या दिवशी तासभर रंगवून झाल्यावर सृष्टीने आरसा पाहिला आणि भोकाड पसरलं. चेहरा पिवळाधमक, ओठ फिकट तपकिरी.

माझी सून सुवर्णा ओला कापूस घेऊन धावली. "अहो मामा, कावीळ झाल्यासारखी दिसतेय पोरगी! जरा लाली लावायची ना."

"लाली? तांबडं फिल्मवर काळं उतरतं बाई. राणीची राक्षसीण करू?"

"पण इथे फिल्म कुठेय? माणसं नुसत्या डोळ्यांनी बघणार!"

मामांचा हात थांबला. "पूस बाई. चुकलंच माझं," म्हणत ते डब्या भरू लागले. ती पेटी आता कायमची मिटणार, हे मला कळलं.

"वहिनी, पुसू नका!" गल्लीतला ललित ओरडला. हा सातपूरच्या कारखान्यात पाळी करून व्हिडिओ शूटिंग करायचा. त्याचा डोळा कॅमेऱ्याला होता, आणि त्या कॅमेऱ्याच्या बघायच्या काचेत सगळं काळं-पांढरंच दिसे. त्याने मिनिटभर टेप केलं, मागे फिरवलं आणि सृष्टीला बघायला लावलं.

काचेत पिवळा चेहरा गोरापान आणि ओठ रेखीव दिसत होते. तिचं रडं थांबलं. "आजी, ही मी?"

मग मामांनी पाहिलं. बराच वेळ पाहिलं. "डावी भुवई जरा उतरलीय," म्हणाले, आणि पेटी पुन्हा उघडली.

सृष्टी तशीच स्टेजवर गेली. "आली हळकुंडाची राणी!" कुणीतरी ओरडलं. पोरीने मान ताठ ठेवली. बक्षीस मिळालं नाही.

दोन वर्षांनी मामा गेले. ललितने शूटिंग सोडून मोबाईलचं दुकान टाकलं. सृष्टी नर्स झाली. पेटी तिच्याकडे आहे. सुवर्णा अजून म्हणते, थोडी लाली चालली असती.

कॅसेट माझ्याकडे आहे. ती रंगीत आहे, म्हणून लावताना मी टीव्हीचा रंग पार उतरवते. मग मामांची राणी दिसते.