तळ्याभोवतीचे एकतीस ट्रे

माझे बाबा संग्रहालयात शंखांच्या विभागात होते. लोक त्यांना गोगलबुवा म्हणत, कारण त्यांनी सारं आयुष्य एकाच गोगलगाईवर काढलं. गावाबाहेरच्या मोठ्या तळ्याकाठी, खडकांवर ती राहायची; बोटाच्या पेराएवढी. आज मी एकोणऐंशी वर्षांची आहे, पण डांबराच्या गोळ्यांचा वास आला की अजून मला त्यांच्या कोटाची बाही आठवते.

बाबांची रीत ठरलेली. धक्क्याच्या एका बाजूने निघून, तळ्याला वळसा घालून धक्क्याच्याच दुसऱ्या बाजूला परतणारी वाट त्यांनी एकतीस टप्प्यांत वाटली होती. वर्षाला एक टप्पा. तिथले शंख वेचायचे, धुवायचे, कापसावर मांडून ट्रे बनवायचा आणि मागच्या वर्षीच्या ट्रेशेजारी ठेवून भिंगातून पाहायचा. मग घरी येऊन आईला सांगायचं, "यंदा जरा उंच झालीय. एखादा पट्टा वाढलाय. बाकी तीच आपली बया." कापूस पिंजून द्यायचं काम लहानपणापासून माझं. पुढे मी संग्रहालयातच ट्रेंवरच्या चिठ्ठ्या लिहिणारी म्हणून लागले.

एकतिसावा ट्रे झाला त्या वर्षी साऱ्या संग्रहाची सूची छापायला निघाली. पहिल्या पानावर बाबांचं नाव आणि खाली त्यांचं वाक्य: 'बारीक बदल होतच असतात, पण बारीक बदलांतून नवी जात होत नाही.' घरीही ते हेच म्हणायचे. "शेळीला लांब केस येतील गं, म्हणून काय तिची म्हैस होणार?"

नवे संचालक तरुण होते, कडक इस्त्रीचे. त्यांनी बाबांना बोलावलं. मी कागद घेऊन दाराशीच उभी होते.

"बुवा, तळ्याच्या धक्क्यावर दोन जाती राहतात," ते म्हणाले. "एक बसकी, फिकट. दुसरी उंच, काळ्या पट्ट्यांची. दोन वर्षं मी त्यांना एकाच काचेच्या पेटीत ठेवलं. जोडी जमणं सोडाच, एकमेकींकडे ढुंकूनही पाहिलं नाही त्यांनी. आणि तुमच्या सूचीत दोघींना नाव एकच. कुठेतरी ट्रेंची सरमिसळ झालीय. अशा सूचीवर तुमचं नाव नाही घालता येणार मला."

"सरमिसळ?" बाबांचा आवाज चिरकला. "माझ्या ट्रेंची?"

त्या दिवशी ते जेवले नाहीत. एकतीस वर्षांचं काम, आणि वर नाव नाही. मला राहवेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी लवकर जाऊन मी कपाट उघडलं. बाबा किती काटेकोर ते मला ठाऊक होतं. सगळे ट्रे ओळीने मांडले की सरमिसळ नाही हे आंधळ्यालाही दिसलं असतं. टेबल पुरेना, म्हणून जमिनीवर मांडले. आमच्या इमारतीत चौकाभोवती चारही बाजूंनी व्हरांडा होता. पहिल्या ट्रेपासून सुरुवात केली आणि भिंतीच्या कडेने निघाले.

झाडणाऱ्या मावशी आल्या. "काय गं, दुकान मांडलंस?"

"मावशी, आज इथे झाडू नका."

"बरं बाई. गोगलगायीमुळे का होईना, माझ्या कंबरेला सुट्टी."

मी जाता जाता शेजारशेजारचे ट्रे ताडून बघत होते. तिसरा आणि चौथा, सारखे. अकरावा आणि बारावा, बहिणी-बहिणी. कुठे म्हणून खंड नाही! मी अक्षरशः गुणगुणत होते. तीन कोपरे वळले, चौथा वळले आणि एकतिसावा ट्रे पहिल्याच्या शेजारी खाली ठेवला.

माझे हात तसेच हवेत राहिले.

एका ट्रेत बसके, साईच्या रंगाचे शंख. लगतच्या ट्रेत उंच, टोकदार, काळ्या पट्ट्यांचे. कोणा पोराला विचारलं असतं तरी त्याने सांगितलं असतं, ही वेगळी आणि ती वेगळी. मी मागे वळून पाहिलं. ओळ तीच होती. कुठेही तुटलेली नव्हती.

तेवढ्यात जिन्यावर पावलं वाजली. बाबा आणि संचालक. मी एकतिसावा ट्रे उचलला आणि पाठीमागे धरला. खोटं कशाला बोलू, लपवलाच मी तो.

बाबांनी ओळ पाहिली आणि त्यांचा चेहरा उजळला. "शाब्बास, पोरी! चला साहेब, दाखवा कुठे सरमिसळ झालीय ते." पहिल्यापासून ते एकेक ट्रे दाखवत निघाले. संचालक वाकून वाकून पाहत होते. बाबा चौथा कोपरा वळून माझ्यापर्यंत आले.

"अठ्ठावीस, एकोणतीस, तीस. एकतिसावा कुठाय?"

"तो आत राहिला असेल, बाबा."

"आणि पाठीमागे काय धरलंयस? आण इकडे. वेडी कुठली!"

हसत हसत त्यांनी स्वतःच तो मोकळ्या जागी ठेवला. मग हसू विरलं. त्यांनी पहिल्यातला एक शंख उचलला, एकतिसाव्यातला एक उचलला. दोन्ही तळव्यांवर धरून बराच वेळ पाहत राहिले.

"कुणी सांगितलं होतं गोल मांडायला?" ते माझ्यावर ओरडले. जन्मात कधी ओरडले नव्हते ते.

संचालकांचाही रंग उडाला होता. "सरमिसळ नाहीये," ते पुटपुटले. "माझी चूक झाली, बुवा. नाव तुमचंच राहील."

"चूक माझी. मी दर वर्षी फक्त मागच्या वर्षाशी ताडून पाहिलं." बाबा मटकन खाली बसले. "पहिल्याशी पाहिलंच नाही कधी. वाक्य खोड, पोरी. पहिल्या पानावरचं. माझा हात चालायचा नाही."

मी पान आणलं आणि वाक्यावर रेघ मारली.

"आता लिही. पहिला ट्रे, एक जात. एकतिसावा, दुसरी." मी लिहिलं. "आणि..." ते थांबले. गुडघ्यांवर सरकत ओळीच्या मध्यापर्यंत गेले. पंधराव्या आणि सोळाव्याच्या मध्ये बोट ठेवलं. "इथे? की इथे? साहेब, तुम्हीच सांगा, म्हैस कुठून सुरू झाली?"

संचालक इस्त्रीची पँट विसरून त्यांच्या शेजारी गुडघ्यांवर बसले. दुपारपर्यंत दोघं त्या ओळीने पुढे-मागे सरकत होते. छापखान्याचा माणूस येऊन ताटकळत बसला.

शेवटी सूची बाबांच्या नावाने छापली गेली. मधल्या एकोणतीस ट्रेंसमोर जातीचा रकाना कोरा आहे. लोकांना वाटतं, छापायचं राहून गेलं.